गोळी वाटणारे शासन आणि दप्तरातला पंप

दर वर्षी फेब्रुवारी आणि ऑगस्टच्या सुमारास गावोगावच्या शाळांत राष्ट्रीय जंतनाशक दिन पाळला जातो. २०१५ साली सुरू झालेला हा उपक्रम आता शिक्षकांच्या अंगवळणी पडला आहे. त्या दिवशी पाढे आणि धडे बाजूला राहतात. शिक्षक प्रत्येक मुलाच्या हातावर अल्बेंडाझोलची ४०० मिलिग्रॅमची गोळी ठेवतात, ती चावून गिळली की नाही हे पाहतात, नोंदवहीत खूण करतात आणि संध्याकाळपर्यंत आकडा वर कळवतात. आठवड्याच्या लोहाच्या गोळीचेही तसेच. लहानांना गुलाबी, मोठ्यांना निळी. कोट्यवधी मुलांना शिक्षकांच्या हातून औषध देण्याची ही योजना शासनाने पूर्ण आत्मविश्वासाने आखली आहे. तिला विरोध करण्याचे कारणही नाही. जंतांनी आणि पंडुरोगाने पोखरलेल्या मुलांना या गोळ्यांची गरज आहेच.

पण याच शाळेत दुसऱ्या दिवशी एखादी आई दम्याच्या मुलाचा पंप घेऊन येते आणि ‘गुरुजी, दम लागला तर एवढा दोनदा ओढायला सांगा’ अशी विनवणी करते, तेव्हा चित्र पालटते. औषध शाळेत ठेवता येणार नाही, तसा वरून आदेश नाही, काही बरेवाईट झाले तर जबाबदार कोण, त्यापेक्षा बरे वाटेपर्यंत मुलाला घरीच ठेवा, अशी उत्तरे तिला मिळतात. काल हजार हातांवर गोळ्या ठेवणारी व्यवस्था आज एका मुलाचा श्वास मोकळा करणारा फवारा हातात घ्यायला भिते. हा विरोधाभास शिक्षकाच्या स्वभावातून आलेला नाही, शासनाच्या धोरणातून आला आहे. ज्या औषधाचा आकडा वर जातो ते औषध शाळेचे. ज्याचा आकडा कोणी मागत नाही ते मुलाच्या नशिबाचे.

या नशिबाची किंमत कोण मोजते? ज्या घरात एक जण कमावतो आणि एक जण घरी असतो, तिथे आई दुपारच्या सुट्टीत शाळेत येऊन मुलाला इन्सुलिन टोचून जाते. जिच्या घरी चूल तिच्या मजुरीवर पेटते ती आई काय करणार? तिने मजुरी बुडवायची किंवा मुलाची शाळा. बहुधा शाळाच बुडते. पटावर नाव राहते, हजेरीत ‘आजारी’ असा शेरा पडत जातो, आणि सातवी-आठवीच्या आसपास ते नाव गळून पडते. शाळाबाह्य मुलांच्या पाहणीत असे मूल ‘अभ्यासात रस नाही’ या रकान्यात सापडते. ज्यांची मुले शाळेत टिकतात त्यांतले कित्येक पालक आजार लपवतात. मुलीला आकडी येते हे कळले तर शाळेत घेणार नाहीत आणि पुढे लग्नालाही अडचण येईल, या दुहेरी भीतीने तोंडाला कुलूप लागते. मग वर्गात आकडी येते तेव्हा शिक्षकाला काही ठाऊक नसते आणि कोणी तरी कांदा किंवा चप्पल हुंगवायला धावतो.

पुरोगामी वर्तुळातही या प्रश्नाकडे पाहण्याची एक चुकीची सवय आहे, आणि तिचा उल्लेख स्पष्टपणे केला पाहिजे. दमा, ॲलर्जी, मधुमेह ही सुखवस्तू घरांतल्या मुलांची दुखणी. आपला प्रश्न कुपोषणाचा, अशी ती धारणा आहे. वस्तुस्थिती नेमकी उलट आहे. जागतिक रोगभाराच्या २०१९ च्या अंदाजानुसार जगातील दम्याच्या रुग्णांपैकी सुमारे १३ टक्के भारतात आहेत. परंतु दम्याने होणाऱ्या मृत्यूंपैकी ४२ टक्क्यांहून अधिक भारतातले आहेत. या दोन आकड्यांमधील अंतरात सारे वर्गीय वास्तव सामावलेले आहे. रोग जगभर आहे, मरण मात्र ज्याला औषध वेळेवर मिळत नाही त्याचे आहे. चुलीच्या धुरात रांगलेली मुले, चंद्रपूरच्या औष्णिक केंद्राच्या सावलीतली मुले, वीटभट्टीवर आईबापांबरोबर राहणारी मुले, उसाचा फड पेटवल्यावर उडणारी काजळी श्वासावाटे घेणारी मुले ही काही सुखवस्तू नव्हेत. सुखवस्तूंच्या शाळेत विश्रांतीची खोली असते, परिचारिका असते, पालकांच्या एका दूरध्वनीवर मोटार दारात उभी राहते. जिल्हा परिषदेच्या शाळेत बहुतेक ठिकाणी प्रथमोपचाराची पेटी असते, आणि त्या पेटीत वाळलेला कापूस व रिकामी बाटली.

‘वावडे’ हा मराठीतला जुना आणि नेमका शब्द आहे. अमक्याला वांग्याचे वावडे, तमक्याला दुधाचे. अंगावर पित्ताच्या गांध्या उठतात, ओठ सुजतात, कोकम लावून आजी मुलाला निजवते आणि सकाळी सारे ओसरलेले असते. हा अनुभव घरोघरचा असल्यामुळे वावड्याचा दुसरा, जीवघेणा चेहरा कोणाच्या ध्यानात येत नाही. काही थोड्या मुलांत शेंगदाण्याचे कूट, अंडे, दूध, कोळंबी किंवा गांधीलमाशीचा डंख एवढेही पुरते. काही मिनिटांत घसा आवळतो, श्वास अडतो, रक्तदाब कोसळतो. खाज थांबवणारी गोळी तिथे पुरत नाही. त्या क्षणी ॲड्रिनलिन हे एकच औषध प्राण वाचवू शकते. ते मांडीच्या स्नायूत टोचावे लागते आणि तेही ताबडतोब. अशी मुले संख्येने थोडी आहेत, हे खरे. परंतु २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने शिजवलेले अन्न देण्याचा आदेश दिल्यापासून देशातल्या सरकारी शाळांत एकाच कढईतून लाखो मुले जेवतात. एवढ्या मोठ्या पंक्तीत ‘थोडी’ याचाही अर्थ प्रत्येक तालुक्यात काही मुले असा होतो. ती कोणती, हे कोणीही लिहून ठेवलेले नाही.

त्या कढईपाशी उभ्या असलेल्या बाईचा विचार केल्याशिवाय हा विषय पुढे नेणे अप्रामाणिकपणाचे होईल. मुलाला काय चालत नाही हे शाळेत सर्वांत आधी कळते ते स्वयंपाकिणीला. कोणते मूल अंड्याला शिवत नाही, कोणाला मटकीने खाज सुटते, हे तिला गावातलीच असल्यामुळे ठाऊक असते. तिच्यासाठी केंद्राने २००९ साली दरमहा १००० रुपये मानधन ठरवले, तेही वर्षातून दहाच महिने. राज्यांनी आपल्या पदरचे काही घातले, पण केंद्राचा तो आकडा वर्षानुवर्षे तिथेच थिजून राहिला. तिला कामगार म्हणायला शासन तयार नाही, ती ‘मदतनीस’. बिहारमध्ये सारण जिल्ह्यातील एका गावच्या शाळेत १६ जुलै २०१३ रोजी कीटकनाशकाने दूषित झालेले जेवण खाऊन २३ मुले दगावली. स्वयंपाकिणीने तेलाविषयी शंका बोलून दाखवली होती आणि ती ऐकली गेली नाही, असे त्या वेळच्या वृत्तांतून पुढे आले. तो प्रकार वावड्याचा नव्हता, विषबाधेचा होता. तथापि कढईपाशी उभ्या असलेल्या माणसाच्या शब्दाला वजन नसेल तर अन्न सुरक्षित राहत नाही, एवढे त्यातून दिसले. जी बाई उद्या कामावरून कमी होण्याच्या भीतीत आहे, ती ‘या पोराला कूट घालू नका’ हे कोणाला ठणकावून सांगणार?

ऑगस्ट २०१८ मध्ये मुंबईच्या गोवंडीत घडलेली घटना या संदर्भात आठवावी लागते. महापालिकेच्या शाळेत लोहाच्या गोळ्या वाटल्यानंतर काही दिवसांनी एका विद्यार्थिनीचा मृत्यू झाला. गोळीने मूल मेले अशी वार्ता वस्तीत पसरली आणि घाबरलेल्या पालकांनी शेकडो मुलांना रुग्णालयात नेले. शवविच्छेदनात त्या मुलीला क्षयरोगाने ग्रासले होते असे निष्पन्न झाले. गोळी निर्दोष ठरली म्हणून प्रशासनाने सुटकेचा निःश्वास टाकला, आणि चर्चा तिथेच संपली. वास्तविक ती तिथून सुरू व्हायला हवी होती. क्षयाने पोखरलेली मुलगी वर्गात बसत होती. तिला गोळी देणाऱ्याला तिच्या आजाराची माहिती नव्हती. आजारी मुलाला सरसकट गोळी देऊ नये हे मोहिमांच्या सूचनापत्रकांत लिहिलेले असते. पण मूल आजारी आहे हे ज्याच्या दप्तरी नाही त्याने ती सूचना पाळायची कशी? शाळेजवळ गोळीचा हिशेब होता. मुलीचा नव्हता. आणि अफवेला जे बळ मिळाले ते अडाणीपणामुळे नव्हे. मुलाला काय दिले, का दिले हे त्या पालकांना एरवी कोणी सांगतच नव्हते.

शाळेने मुलाच्या शरीराची दखल घ्यावी ही कल्पना नवी नाही, आणि ती साहेबाची देणगीही नाही. भारतात शाळकरी मुलांची पहिली वैद्यकीय तपासणी १९०९ साली बडोदे शहरात झाली. ज्या सयाजीराव गायकवाडांनी प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले त्यांच्याच राज्यात ती झाली, हा योगायोग नव्हे. मुलाला शाळेत येण्याची सक्ती करायची तर ते मूल शाळेत धड राहील याची हमीही सक्ती करणाऱ्याने घ्यायची, इतका साधा हा हिशेब आहे. इंग्लंडमध्ये ब्रॅडफर्डच्या शाळा मंडळावर इंडिपेंडंट लेबर पार्टीच्या मार्गारेट मॅकमिलन निवडून आल्या आणि १८९९ साली डॉ. जेम्स कर यांच्या साथीने त्यांनी तिथल्या गिरणी कामगारांच्या मुलांची तपासणी करवून घेतली. त्यापुढे १९०६ साली शाळेतील जेवणाचा आणि १९०७ साली वैद्यकीय तपासणीचा कायदा आला. पार्लमेंटला एके सकाळी दयेचा पाझर फुटला आणि हे कायदे झाले, असे नव्हे. त्यामागे समाजवाद्यांनी गल्लीबोळांतून चालवलेली चळवळ होती. भारतात १९४६ च्या भोर समितीने शालेय आरोग्य सेवा जवळजवळ अस्तित्वातच नसल्याचे नमूद केले. १९६० साली रेणुका रे यांच्या अध्यक्षतेखाली शालेय आरोग्य समिती नेमली गेली. समित्यांची आपल्याकडे कधीच वाण नव्हती.

फेब्रुवारी २०१३ मध्ये महाराष्ट्रातील पालघर येथे राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे उद्घाटन झाले. जन्मापासून १८ वर्षांपर्यंतच्या मुलांत ३० प्रकारची दुखणी शोधायची, आणि त्यांत श्वासनलिकेचा दम्यासारखा विकार व आकडीचा विकार हे दोन्ही समाविष्ट आहेत. दोन डॉक्टर, एक परिचारिका, एक औषधनिर्माता असे पथक गाडीतून शाळेत येते. कागदावर याहून चांगली योजना सापडणे कठीण. प्रत्यक्षात हे पथक शाळेत वर्षातून एकदा येते आणि त्यातील माणसे कंत्राटी असतात. मुलाला दमा आहे असे निदान करून, चिठ्ठी लिहून गाडी निघून जाते. उरलेले ३६४ दिवस त्या मुलाचे काय, या प्रश्नाला कार्यक्रमाजवळ उत्तर नाही. रोग शोधणे ही मोहीम होऊ शकते. रोगासह जगणे ही रोजची गोष्ट आहे, आणि ‘रोज’ या शब्दाशी आपल्या प्रशासनाचे फारसे पटत नाही. पुढे २०२० साली प्रत्येक शाळेतून दोन शिक्षकांना ‘आरोग्यदूत’ नेमण्याची योजना आली. तेच शिक्षक, आणखी एक बिल्ला.

कायद्याकडे वळावे तर तिथेही पोकळी आहे. शिक्षण हक्क कायद्याच्या परिशिष्टात खोल्या, स्वच्छतागृह, पाणी, स्वयंपाकघर, मैदान, कुंपण या सर्वांची गणना आहे. आजारी पडलेल्या मुलाची नाही. अपंगांच्या हक्कांच्या २०१६ च्या कायद्याने सिकलसेल, थॅलसेमिया, हिमोफिलिया यांना यादीत घेतले, पण दमा आणि बालपणीचा मधुमेह बाहेर राहिले. या मधुमेही मुलांसाठी २०१७ साली केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाने परीक्षेच्या खोलीत साखरेच्या गोळ्या व खाऊ नेण्याची मुभा दिली. २०२३ साली राष्ट्रीय बाल हक्क संरक्षण आयोगाने राज्यांना पत्र लिहून या मुलांना वर्गात साखर तपासू द्यावी, इन्सुलिन घेऊ द्यावे, मधल्या वेळी खाऊ द्यावे असे सुचवले. पत्र चांगले होते. पत्राने मात्र कोणावर बंधन येत नाही आणि पत्रासोबत पैसाही येत नाही.

आता शिक्षकांच्या बाजूने जे बोलले जाते ते मनापासून ऐकले पाहिजे, कारण त्यात तथ्य आहे. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम २७ नुसार जनगणना, आपत्तिनिवारण आणि निवडणुका सोडून शिक्षकाला शिक्षणबाह्य काम देता येत नाही. प्रत्यक्षात त्याच्या डोक्यावर तांदळाचा हिशेब, भ्रमणध्वनीवरची माहिती, बांधकाम, सर्वेक्षण अशी उतरंड रचलेली आहे. त्यात दोन शिक्षकी शाळेत एक गुरुजी तालुक्याच्या बैठकीला गेले की दुसऱ्याकडे चार-पाच वर्ग. त्याने इन्सुलिन कोणत्या वेळी द्यावे? शिवाय काही विपरीत घडले तर निलंबनाचा कागद त्याच्याच नावाने निघणार, पथकाच्या किंवा सचिवालयाच्या नव्हे. शिक्षक संघटनांची ही भीती खोटी नाही.

पण त्या भीतीचा शेवट ‘औषध शाळेत नको’ या ठरावात होत असेल तर तिथे समाजवादी कार्यकर्त्याने, तो स्वतः शिक्षक असला तरी, थांबून विचार केला पाहिजे. कॅनडातील ओंटारियो प्रांतात २०१२ साली एका १२ वर्षांच्या मुलाला शाळेत दम्याचा झटका आला. औषध शाळेत होते. मुख्याध्यापकांच्या कचेरीत, कुलपात. मूल वाचले नाही. त्याच्या आईने झगडून २०१५ साली कायदा करवून घेतला, त्यात मुलाला आपला पंप स्वतःजवळ बाळगण्याचा हक्क मिळाला. इंग्लंडमध्ये २०१४ च्या कायद्याने अशा मुलांची व्यवस्था करणे हे शाळेचे कर्तव्य ठरवले. त्याच वर्षीपासून शाळांना दम्याचा पंप आणि २०१७ पासून ॲड्रिनलिनची सिद्ध सुई आपल्याकडे ठेवण्याची परवानगी आहे. कुलूप लावल्याने शाळा सुरक्षित होते, मूल नव्हे, एवढी गोष्ट समजायला त्या श्रीमंत देशांनाही मुलांचे जीव मोजावे लागले.

शिक्षकाला संरक्षण हवे आणि ते देणे अवघड नाही. भारतीय न्याय संहितेची कलमे २७ व ३० सद्‌भावनेने, दुसऱ्याच्या हितासाठी केलेल्या कृतीला आजही आडोसा देतात. पहिले १२ वर्षांखालील मुलाच्या बाबतीत पालकाच्या संमतीने, दुसरे संमती घ्यायला वेळच नसेल तेव्हा. रस्त्यावरील अपघातग्रस्ताला मदत करणाऱ्याला २०१९ च्या मोटार वाहन दुरुस्तीने निःसंदिग्ध अभय दिले. वर्गात कोसळणाऱ्या मुलाला मदत करणाऱ्या शिक्षकाला तसेच शब्दांत लिहिलेले अभय राज्य शासन एका परिपत्रकाने देऊ शकते. शिक्षक संघटनांनी मागावे ते हे. औषध नाकारण्याची मुभा मागण्यापेक्षा ते देण्याचे अभय मागणे संघटनेच्या परंपरेला अधिक शोभेल.

बाजारावर हा प्रश्न सोपवला तर काय होते, याचा धडा अमेरिकेने दिला आहे. ॲड्रिनलिन हे औषध १९०१ च्या सुमारास जपानी रसायनशास्त्रज्ञ जोकिची ताकामिने यांनी शुद्ध स्वरूपात वेगळे केले. त्याच्यावर आज कोणाची मालकी नाही. ते सहज टोचता येईल अशा एपिपेन नावाच्या सुईचा हक्क २००७ साली मायलन या कंपनीकडे आला. तेव्हा दोन सुयांच्या जोडीची किंमत सुमारे १०० डॉलर होती. शाळांनी ही सुई बाळगावी यासाठी २०१३ साली संघराज्याने कायदा केला, कंपनीने शाळांना काही सुया फुकटही वाटल्या, आणि २०१६ पर्यंत जोडीची किंमत ६०० डॉलरच्या वर गेली. सुईतल्या औषधाची किंमत एखादा डॉलर. प्रतिनिधिगृहात जाबजबाब झाले, आरडाओरडा झाला. मुलांच्या भीतीचा बाजारभाव किती येतो, तेवढे त्यातून कळले. भारतात ही सिद्ध सुई सहजासहजी मिळत नाही. मात्र त्याच औषधाची काचेची कुपी काही रुपयांत मिळते. दम्याचा साल्ब्युटामॉलचा पंप, ज्यात २०० फवारे असतात, तोही अजून गरिबाच्या अगदी आवाक्याबाहेर गेलेला नाही. तरी ऑक्टोबर २०२४ मध्ये राष्ट्रीय औषध मूल्यनिर्धारण प्राधिकरणाने ज्या आठ औषधांच्या कमाल किमती ५० टक्क्यांनी वाढवल्या त्यांत साल्ब्युटामॉलच्या गोळ्या आणि वाफेचे द्रावण होते, याची पक्षाने नोंद ठेवावी.

करायचे ते फारसे खर्चाचे नाही. गावातल्या उपकेंद्रातील परिचारिकेजवळ लसीकरणाच्या वेळी लागणारी ॲड्रिनलिनची पेटी असते आणि लसीनंतर तशी प्रतिक्रिया आली तर वयानुसार पहिली मात्रा टोचण्याची मुभा तिला शासनानेच दिलेली आहे. लसीने घसा आवळला तर ती सुई टोचू शकते, शाळेतल्या खिचडीने आवळला तर तिने डॉक्टरची वाट पाहायची, हा भेद कोणत्या शास्त्रात बसतो? तिच्या मुभेची कक्षा शाळेपर्यंत वाढवावी, आणि प्रत्येक शाळा-केंद्रासाठी एक कायम नोकरीची परिचारिका नेमावी. कंत्राटी नव्हे, कायम. मुलांची नावे आणि दुखणी लक्षात राहायला माणूस त्या जागी वर्षानुवर्षे असावा लागतो.

शाळेने स्वतः करायचे तेही थोडके नाही. प्रवेशाच्या वेळी जात, जन्मतारीख, आधार क्रमांक विचारणाऱ्या अर्जात ‘मुलाला कोणता आजार, कशाचे वावडे, कोणते औषध चालू’ या तीन ओळी असाव्यात. ती माहिती वर्गशिक्षक आणि स्वयंपाकीण या दोघांना असावी, गावभर नसावी. शाळेत औषध देण्याचा प्रसंगच टळत असेल तर उत्तम. कित्येक गोळ्यांच्या वेळा डॉक्टर सकाळ-रात्र अशा बांधून देऊ शकतात, पालकांनी ते विचारावे. जे शाळेत द्यावेच लागते ते मूळ वेष्टनात, मुलाचे नाव घालून, मात्रा व वेळ मराठीत लिहिलेल्या डॉक्टरच्या चिठ्ठीसह आणि पालकाच्या सहीने घ्यावे. कागदाच्या पुडीत आलेली बेनामी गोळी घेऊच नये. कधी दिले, किती दिले, कोणी दिले हे वहीत उतरवावे, म्हणजे एकाने दिले असताना दुसऱ्याने पुन्हा द्यायचा धोका राहत नाही. मुदत संपल्याची तारीख सत्राच्या आरंभी पाहावी. इन्सुलिनसाठी शीतकपाट नसेल तर ओल्या वाळूतले मडके चालते. उन्हाने तापलेले लोखंडी कपाट चालत नाही. आकडीच्या आणि इतर गोळ्या मोठ्यांच्या ताब्यात असाव्यात, कारण मुले एकमेकांचे औषध खाऊ म्हणूनही खातात. दम्याचा पंप आणि साखर मात्र ज्याला वापरता येते त्या मुलाच्या दप्तरातच हवी.

पंपाविषयी दोन शब्द अधिक. तो नुसता तोंडात मारला तर बरेचसे औषध घशातच चिकटते. मध्ये पोकळ नळी, म्हणजे स्पेसर, लागते. ती विकत न परवडल्यास अर्ध्या लिटरच्या प्लॅस्टिकच्या बाटलीच्या बुडाला पंपाच्या तोंडाएवढे भोक पाडून केलेली नळीही तेवढेच काम देते, हे केपटाउनच्या डॉक्टरांनी १९९९ सालीच दाखवून दिले आहे. पंप हलवायचा, एक फवारा, चार-सहा संथ श्वास, मग दुसरा. चार फवाऱ्यांनी काही मिनिटांत उतार पडला नाही, किंवा मुलाला एक वाक्यही सलग बोलता येत नसेल, ओठ काळेनिळे दिसत असतील, तर १०८ क्रमांकाची गाडी बोलवायची आणि ती येईपर्यंत फवारे चालू ठेवायचे. मूल आडवे झोपवायचे नाही, बसते ठेवायचे. आकडीत उलट: कुशीवर वळवायचे, तोंडात चमचा, पाणी, काही घालायचे नाही, घड्याळ पाहायचे आणि पाच मिनिटांवर गेली तर रुग्णालय गाठायचे. मधुमेही मूल घामाघूम होऊन थरथरत असेल, पेंगत असेल तर ते आळशी नाही, त्याची साखर उतरली आहे. शुद्धीवर असल्यास दोन-तीन चमचे साखर पाण्यात. बेशुद्ध असल्यास तोंडात काही नाही. हे सारे शिकवायला एक दुपार पुरते. ज्या खात्याला गोळ्यांचे आकडे भरण्याचे प्रशिक्षण देता येते त्याला हेही देता येईल.

आश्रमशाळांचा प्रश्न याहून कठीण आहे. तिथे दुपारी आई येऊ शकत नाही, ती पन्नास कोसांवर असते. सिकलसेलच्या मुलाची रोजची गोळी, आकडीच्या मुलीची रात्रीची गोळी ही अधीक्षकाच्या स्मरणशक्तीवर सोडलेली असते. या शाळांतील मुलांच्या मृत्यूंचा विचार करण्यासाठी २०१६ साली डॉ. सुभाष साळुंखे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमावी लागली होती. जिथे शासन स्वतःच पालक आहे तिथे ‘पालकांनी काळजी घ्यावी’ हे वाक्य उच्चारण्याचा अधिकार त्याला उरत नाही. आदिवासी भागातील कार्यकर्त्यांनी आपापल्या आश्रमशाळेत जाऊन किती मुलांना रोजचे औषध लागते आणि ते देण्याची वही आहे का, एवढेच आधी विचारावे.

शिक्षण हक्क कायद्याच्या कलम २१ ने प्रत्येक शाळेला व्यवस्थापन समिती दिली आहे. तिच्यात तीन-चतुर्थांश सदस्य पालक आणि निम्म्या स्त्रिया असल्या पाहिजेत. बहुतेक ठिकाणी ती सह्यांपुरती उरली, कारण सभेपुढे तांदूळ आणि रंगरंगोटी यांखेरीज विषयच येत नाही. जूनच्या मध्यावर, विदर्भात त्यानंतर काही दिवसांनी, शाळा उघडतात. पावसाळी दमट हवेत दम्याची मुले त्याच आठवड्यांत आजारी पडतात. पक्षाचे जे सभासद पालक म्हणून अशा समित्यांवर आहेत त्यांनी पहिल्याच सभेच्या कार्यक्रमपत्रिकेवर हा विषय घालावा, स्वयंपाकिणीला त्या सभेस बोलवावे, आणि झालेल्या ठरावाची प्रत गटशिक्षणाधिकाऱ्यांप्रमाणेच तालुका आरोग्य अधिकाऱ्यांकडेही पोच घेऊन द्यावी. दोन्ही खाती जबाबदारी एकमेकांवर ढकलतील, हे गृहीत धरून.